चार वर्षांची मुदत

मधुकरराव खांबेटे यांनी सुरतेतल्या एका सरकारी खात्याच्या भांडारात बावीस वर्षं किल्ल्या सांभाळल्या. जानेवारी शहाण्णवमध्ये ते निवृत्त झाले तेव्हा निरोपाच्या समारंभात मोठे साहेब म्हणाले, "या बावीस वर्षांत यांच्या हातून एक खिळा इकडचा तिकडे झाला नाही." टाळ्या वाजल्या. मधुकररावांनी मान खाली घातली. शाल घेतानाही त्यांनी ती वर केली नाही. लोकांना वाटलं, माणूस भिडस्त आहे.

त्या समारंभाला निंबा महाजन नव्हता. निंबा भांडाराचा चौकीदार. मूळचा अमळनेरकडचा, पंचवीस वर्षांपूर्वी सुरतेला आलेला, कोसाडच्या वसाहतीत राहणारा. तो मधुकररावांच्या सात महिने आधीच निवृत्त झाला होता, पण त्याला नारळ मिळाला नव्हता, शाल मिळाली नव्हती आणि ग्रॅच्युइटीही मिळाली नव्हती. भांडारातल्या मालाच्या नुकसानीचा ठपका त्याच्यावर होता. अठ्ठावन्न हजारांचा. ग्रॅच्युइटी त्यातच वळती करायची आणि राहिलेल्या रकमेसाठी पेन्शनमधला तिसरा हिस्सा दर महिन्याला कापायचा, असा हुकूम निघालेला होता.

तो ठपका कुणावर यायला हवा होता, हे जगात दोन माणसांना ठाऊक होतं. एक मधुकरराव आणि दुसरी त्यांची बायको, विजया.

झालं होतं ते असं.

चौऱ्याण्णवच्या सप्टेंबरात सुरतेत प्लेगची आवई उठली. आधी वेडरोडच्या बाजूला माणसं गेल्याची बातमी आली आणि दोन दिवसांत अर्धं गाव स्टेशनवर होतं. औषधाच्या दुकानांतून टेट्रासायक्लिन नाहीसं झालं. तोंडाला रुमाल बांधून लोक मिळेल त्या वाहनाने पळत सुटले. खांबेट्यांच्या घरात तेव्हा त्यांची मुलगी केतकी बाळंतपणाला आलेली होती आणि तिचं बाळ अवघं वीस दिवसांचं होतं. विजयाबाईंनी सकाळपासून एकच धोशा लावला होता. "हे एवढंसं बाळ घेऊन आपण इथं कशाची वाट बघतोय?" केतकीचं सासर नाशिकचं. दुपारी तीनला एक टॅक्सीवाला सापुताऱ्यावरून न्यायला तयार झाला होता, तिप्पट भाड्यात.

शुक्रवार होता, तेवीस तारीख. मधुकरराव बाराच्या सुमाराला कतारगामच्या कडेला असलेल्या भांडारात गेले. नियम त्यांना तोंडपाठ होता. भांडारपालाने जागा सोडायची तर दुसऱ्याला लेखी ताबा द्यायचा, शेडच्या आणि आतल्या खोलीच्या, अशा दोन्ही कुलपांना लाखेचं सील करायचं, किल्ल्यांचा जुडगा मुख्य कार्यालयात जमा करायचा. पण मुख्य कार्यालयात फोन कुणी उचलतच नव्हतं. साहेब आदल्याच दिवशी बडोद्याला गेले होते. शिवाय भांडारात ब्लीचिंग पावडरची साडेतीनशे पोती होती आणि त्या आठवड्यात सगळ्या शहराला तीच हवी होती. किल्ल्या जमा करून टाकल्या असत्या तर पावडर कुणी दिली असती?

मधुकररावांनी आतली खोली उघडली. तिथं पितळी व्हॉल्व्ह आणि पंपांच्या मोटारींची तांब्याची तार असायची. सगळा किमती माल तिथंच. पावडर वाटपाचं छापील पुस्तक तिथल्या कपाटात होतं. ते त्यांनी घेतलं, कुलूप हातात तसंच होतं, तेवढ्यात फाटकावर पालिकेचा ट्रक आला आणि ड्रायव्हर हॉर्न वाजवत सुटला. मधुकरराव बाहेर आले. वीस पोती मोजून दिली. घड्याळात दीड वाजून गेला होता.

"निंबा," त्यांनी हाक मारली, "हा जुडगा ठेव. पावडर मागायला कुणी आलं तर चिठ्ठी घ्यायची, सही नाहीतर अंगठा घ्यायचा आणि पोती मोजून द्यायची. आतल्या खोलीकडे तुला बघायला नको. ती बंद आहे."

निंबाने जुडगा घेतला. "तुम्ही निघा बरं साहेब. पोरीला घेऊन निघा. मी शे ना आठे," तो म्हणाला. मग आपलं अहिराणी साहेबांना कळलं नसेल असं वाटून त्याने पुन्हा सांगितलं, "मी आहे इथं."

"तू नाही जात गावाला?"

"फाटक कोणावर सोडू?"

मधुकरराव निघाले. नाशिकला पोचल्यावर विजयाबाई मधुकररावांच्या ऑफिसच्या पिशवीतून, निघताना कोंबलेली बाळाची दुपटी काढत होत्या, तेव्हा दुपट्यांच्या खालून एक जड पितळी कुलूप निघालं. त्यांनी ते हातात धरून विचारलं, "अहो, हे काय आणलंत?"

मधुकररावांनी कुलूप त्यांच्या हातून घेतलं. ते परत जाईपर्यंत आतली खोली नुसती लोटलेली राहणार होती.

त्यांना परत जाता आलं असतं. गाड्या सुरतेकडे रिकाम्या जात होत्या. निदान तार तरी करता आली असती. त्यांनी स्वतःला समजावलं की दार लोटलेलं आहे, बाहेरच्या शेडला निंबा आहे, कुणाला कळतंय? आणि ते तिथंच राहिले.

निंबा राहिला तो भांडारात. त्याने मुलाला, योगराजला, गावी धाडलं, पण बायको सखुबाई काही जायला तयार होईना. ती रोज कोसाडहून भाकरी घेऊन चालत यायची, कारण बस बंद होत्या. माणसं यायची, ट्रक यायचे, हातगाड्या यायच्या. निंबा फाटकाशी उभा राहून पोती मोजायचा आणि चिठ्ठ्या एका तारेत ओवून ठेवायचा. पोती उचलायला येणारे शेडमध्ये आत जायचे आणि बाहेर यायचे. एकटा माणूस फाटकही बघणार आणि शेडही बघणार, हे होणार कसं?

मधुकरराव सहा ऑक्टोबरला परतले. निंबाने जुडगा परत दिला, चिठ्ठ्यांची तार दिली. मधुकरराव सरळ आतल्या खोलीकडे गेले. आत उभ्या उभ्या नजर टाकली, सगळं जागच्या जागी वाटलं. पिशवीतून कुलूप काढून त्यांनी कडीला अडकवलं, किल्ली फिरवली आणि सुटकेचा निःश्वास टाकला. माल मोजला मात्र नाही.

जानेवारीत माल तपासणी झाली तेव्हा पुढच्या रांगेमागच्या सगळ्या रांगा रिकाम्या निघाल्या. त्रेचाळीस व्हॉल्व्ह आणि तारेची अकरा वेटोळी गेली होती. कुलूप शाबूत. कडी शाबूत. म्हणजे खोली किल्लीने उघडली गेली असणार आणि किल्ली होती कुणाकडे?

चौकशी अधिकारी अहमदाबादहून आले होते. निंबाने जे होतं ते सांगितलं. "साहेबांनी जुडगा माझ्या हाती दिला. आतली खोली बंद आहे म्हणाले. मी तिकडे फिरकलो नाही."

मग मधुकररावांना बोलावलं. "खांबेटे, किल्ल्या तुम्ही चौकीदाराला दिल्या होत्या का?"

मधुकरराव तीन दिवस या प्रश्नाची तयारी करत होते. खरं सांगायचं असंही एकदा ठरलं होतं. त्या तीन दिवसांत विजयाबाई एकदाच बोलल्या. "अडाजणच्या फ्लॅटचा शेवटचा हप्ता तुमच्या ग्रॅच्युइटीवर आहे. धाकट्या रोहितचं शिक्षण आहे. तुम्हाला कळतंच." त्यांनी खोटं बोला असं म्हटलं नाही. तशी गरजही नव्हती.

"त्या दिवसाच्या गडबडीत किल्ल्या कुणाकडे दिल्या ते आता नक्की आठवत नाही," मधुकरराव म्हणाले. "दोन्ही कुलुपं मात्र मी स्वतः लावली होती. हे खात्रीने सांगतो."

कारकुनाने ते टाइप केलं. मधुकररावांनी खाली सही केली. बाहेर व्हरांड्यात निंबा बाकावर बसला होता. तो उठून उभा राहिला आणि म्हणाला, "झालं साहेब?" मधुकरराव "झालं" म्हणाले आणि पुढे गेले.

निंबाला तो जबाब वाचून दाखवला गेला तेव्हा त्याने एवढंच म्हटलं म्हणे, की साहेबांना आठवत नसेल. घाई होती. बाळ लहान होतं.

निवृत्तीनंतर दोन वर्षं मधुकररावांनी निंबाला टाळलं. अडाजण नदीच्या एका अंगाला, कोसाड दूर अमरोलीपलीकडे, तेव्हा टाळणं अवघड नव्हतं. पण पेन्शनवाल्या माणसाला वर्षातून एकदा आपण जिवंत असल्याचं सरकारला दाखवावं लागतं. सत्त्याण्णवच्या नोव्हेंबरात ते हयातीचा दाखला द्यायला ट्रेझरीत गेले आणि रांगेत मागून हाक आली. "साहेब!"

निंबा वाळला होता. कपड्यांना रंगाच्या रसायनाचा वास येत होता. पांडेसऱ्याच्या एका डाइंग मिलमध्ये तो पुन्हा चौकीदारी करत होता, वयाच्या बासष्टाव्या वर्षी.

"बरं झालं भेटले," निंबा म्हणाला. त्याच्या आवाजात कुठेही कडवटपणा नव्हता आणि मधुकररावांना तेच सोसवेना. "गांधीनगरला अपील टाकलं होतं. दीड वर्षाने कागद आला. काय म्हणणं असेल ते लिहून द्या म्हणतात. मिलच्या कारकुनाला सांगितलं तर तो पैसे मागतो, आणि वर चुका करतो. तुमचं अक्षर चांगलं, साहेब. तुम्हाला सगळं ठाऊकही आहे. तुम्ही लिहून द्याल?"

नाही कसं म्हणणार? पुढच्या रविवारी मधुकरराव कोसाडला गेले. सखुबाईने चहा केला, शेजारून खुर्ची मागून आणली. मधुकररावांनी चार पानी अर्ज लिहिला. निंबा तेरा दिवस जागा न सोडता राहिला, हे लिहिलं. त्याच्या पंचवीस वर्षांच्या सेवेत एकही मेमो नाही, हे लिहिलं. एका माणसाने फाटक आणि शेड दोन्ही राखणं अशक्य होतं, हेही लिहिलं. अर्ज इतका चांगला उतरला की वाचून दाखवताना सखुबाईने पदर डोळ्यांना लावला. त्या चार पानांत एक वाक्य नव्हतं. जे लिहिलं असतं तर बाकीच्या पानांची गरजच पडली नसती, ते.

"देव तुमचं भलं करो, भाऊ," सखुबाई म्हणाली.

मधुकररावांना त्या दिवसापासून झोप लागेना. शेवटी ते नानपुऱ्यात पेन्शनरांच्या मंडळात गेले. तिथं दर बुधवारी योगेंद्रभाई नावाचे वकील फुकट सल्ला द्यायला बसत. मधुकररावांनी निंबाचे कागद पुढे ठेवले.

योगेंद्रभाईंनी चष्मा वर करून कागद वाचले. "जुओ, बघा मधुकरभाई," ते त्यांच्या गुजराती मराठीत म्हणाले, "पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नाही. नोकरी करून कमावलेला हक्क आहे. नुकसान भरून घ्यायचं तर ते त्या माणसाच्या चुकीने झालं हे सिद्ध करायला लागतं. इथं सगळी भिस्त त्या कुलपावर आहे. कुलूप लावलेलं होतं, म्हणून किल्ली लावून चोरी झाली, म्हणून किल्लीवाला जबाबदार. कुलूप लावलेलंच नव्हतं असं सांगणारा एक साक्षीदार आणा, हा हुकूम टिकणार नाही."

मधुकररावांनी कागद आवरायला घेतले. "आणि समजा, असा साक्षीदार असला... आणि तोही निवृत्त असला, तर त्याचं काय होतं?"

योगेंद्रभाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी अशी 'समजा' पुष्कळ ऐकली असावीत. "निवृत्त माणसावर खात्याला चौकशी काढता येते," ते सावकाश म्हणाले, "पण घटना चार वर्षांच्या आतली पाहिजे. चार वर्षं उलटली की त्याच्या पेन्शनला हात लावता येत नाही. घटना कधीची आहे? चौऱ्याण्णव सप्टेंबर. म्हणजे अठ्ठ्याण्णव सप्टेंबरपर्यंत त्या माणसाला धोका आहे. नंतर नाही."

"आणि अपील तोवर राहील?"

"गांधीनगर आहे ते. कुठे जातंय?"

मधुकरराव पायऱ्या उतरून रस्त्यावर आले. नऊ महिने. त्यांच्या डोक्यात हिशेब आपोआप मांडला गेला आणि त्यांना स्वतःचीच भीती वाटली. निंबाने अडीच वर्षं काढली आहेत. आणखी नऊ महिने काढेल. मग आपण सांगू. सगळं सांगू. निंबाला त्याचं मिळेल, आपलंही जाणार नाही. कुणाचंच वाईट होणार नाही.

घरी येऊन त्यांनी विजयाबाईंना सांगितलं. त्यांनी हातातली भाजी बाजूला ठेवली. मग म्हणाल्या, "सांगणार ना नक्की? सप्टेंबर झाला की?"

"नक्की."

"मग ठीक आहे," त्या म्हणाल्या.

त्या नऊ महिन्यांत मधुकरराव महिन्यातून एकदा कोसाडला जात. कधी फळं न्यायची, कधी योगराजच्या मुलीला वह्या. 'निंबा' म्हणायचं त्यांच्या नकळत सुटलं होतं. ते आता 'निंबाभाऊ' म्हणत आणि 'तुम्ही' म्हणत. निंबाला आधी संकोच झाला, मग सवय झाली. वसाहतीतल्या लोकांना तो अभिमानाने सांगायचा, हे आमचे स्टोअरचे साहेब, रिटायर झाले तरी येतात.

मार्चमध्ये निंबाने दिव्याभोवती रंगीत कडी दिसतात असं सांगितलं. मिलच्या वाफेने होत असेल, असं सगळ्यांना वाटलं. मे महिन्यात तो फाटकाच्या खांबाला धडकला. सिव्हिलमध्ये दाखवलं तेव्हा डॉक्टरांनी काचबिंदू सांगितला. डोळ्यांत रोज दोन वेळा थेंब घालायचे, कायमचे, आणि दर महिन्याला दाब मोजायला यायचं. औषध बाहेरून आणायचं होतं आणि ते महाग होतं. तपासायला जायचं म्हणजे मिलचा खाडा.

मधुकररावांनी जूनमध्ये एक बाटली नेली. निंबाने ती घेतली, पण पैसे घ्यायला तो काही केल्या तयार झाला नाही. "तुमचे पैसे का घ्यायचे, साहेब? माझे सरकारकडे अडकलेले आहेत ना. ते आले की सगळं व्यवस्थित करू. डॉक्टर, औषध, सगळं."

जुलैत मधुकररावांना ती बाटली अजून अर्धी भरलेली दिसली.

"निंबाभाऊ, ही अजून संपली नाही?"

"एक दिवस आड एक थेंब घालतो," निंबा हसून म्हणाला. "पुरवून वापरायची."

त्या दिवशी ते शब्द मधुकररावांच्या अगदी जिभेवर आले होते. जुलै, ऑगस्ट, आणि वीस-बावीस दिवस. एवढ्यासाठी सगळं ओढवून घ्यायचं? डोळ्याचं दुखणं काय, म्हातारपणी सगळ्यांनाच होतं. त्यांनी आणखी दोन बाटल्या आणून दिल्या, रोज दोनदा घाला म्हणून बजावलं आणि ते बसमध्ये बसून परतले. विजयाबाईंनी विचारलं, "कसा आहे?" ते म्हणाले, "बरा आहे."

ऑगस्टमध्ये ते गेलेच नाहीत. सप्टेंबरच्या मध्यावर तापीला पूर आला आणि अडाजणच्या तळमजल्यांत माणूसभर पाणी शिरलं. खांबेटे वरच्या शेजाऱ्यांकडे चार दिवस राहिले. पाणी ओसरलं, गाळ उपसला, आणि त्या गडबडीत तेवीस तारीख येऊन गेली. मधुकररावांनी ती भिंतीवरच्या भिजून फुगलेल्या कॅलेंडरवर पाहिली. चार वर्षं पुरी झाली होती.

त्यांनी मात्र शब्द पाळला. पाच ऑक्टोबरला योगेंद्रभाईंसमोर बसून त्यांनी प्रतिज्ञापत्र केलं. आतल्या खोलीचं कुलूप आपण लावलं नव्हतं. ते आपल्याबरोबर नाशिकला गेलं होतं. परत आल्यावर ते आपण गुपचूप कडीला अडकवलं. किल्ल्या निंबा महाजन यांना आपणच दिल्या होत्या. चौकशीत दिलेला जबाब खोटा होता. योगेंद्रभाईंनी टाइप केलेला कागद पुन्हा वाचला, मधुकररावांकडे पाहिलं आणि सहीसाठी पेन पुढे सरकवलं.

मग ते कोसाडला गेले. तिथं पाणी नव्हतं शिरलं, पण रस्ते उखडले होते. निंबा दारात खाटेवर बसला होता. मधुकरराव दोन हातांवर येऊन उभे राहिले तरी तो समोर बघत राहिला.

"कोण?" त्याने विचारलं.

सखुबाई आतून आली. "भाऊ, त्यास्ले आते दिसत नई," ती म्हणाली. ऑगस्टमध्ये डावा डोळा गेला होता, आणि पुराच्या दिवसांत उजवा. सिव्हिलचे डॉक्टर म्हणाले, गेलेली नजर या रोगात परत येत नाही. चार-सहा महिने नीट औषध आणि तपासणी झाली असती तर एक डोळा नक्की राहिला असता.

मधुकरराव खाली फरशीवर बसले. खुर्ची मागायला कुणी गेलं नाही.

त्या दिवशी त्यांनी प्रतिज्ञापत्र झाल्याचं सांगितलं, पण कधीपासून माहीत होतं ते सांगितलं नाही. तेवढं धैर्य नव्हतं. सखुबाईला वाटलं, भाऊंना आठवलं असेल. ती त्यांच्या पायांना हात लावायला वाकली आणि मधुकरराव एकदम उठून उभे राहिले.

एप्रिल नव्व्याण्णवमध्ये निकाल आला. निंबावरचा हुकूम रद्द झाला. कापलेली पेन्शन परत द्यायची, ग्रॅच्युइटी व्याजासह द्यायची. त्याच आठवड्यात मधुकररावांनी खात्याला अर्ज केला. हे नुकसान माझ्या हातून झालं आहे, तरी त्याची भरपाई माझ्या पेन्शनमधून करून घ्यावी. महिन्याभराने दोन ओळींचं उत्तर आलं. घटनेस चार वर्षांहून अधिक काळ लोटल्याने नियमानुसार कोणतीही कार्यवाही करता येत नाही. त्यांनी तो कागद घेऊन योगेंद्रभाईंना गाठलं.

"यातून काही मार्ग नाही?"

"मधुकरभाई," योगेंद्रभाई म्हणाले, "हा नियम पेन्शनरांसाठी भांडून मिळवलेला आहे. म्हाताऱ्या माणसाला सरकारने जन्मभर टांगत ठेवू नये म्हणून. चांगला नियम आहे. तुम्ही त्याचा उपयोग करून घेतलात. आता त्याच्याशी कशाला भांडता?"

मे महिन्यातल्या एका रविवारी मधुकरराव पुन्हा कोसाडला गेले. या वेळी विजयाबाई बरोबर यायला निघाल्या होत्या, पण दाराशी चप्पल घालता घालता थांबल्या. "मला नाही तिच्यासमोर उभं राहता येणार," त्या म्हणाल्या. ते एकटेच गेले.

निंबाला नवा सदरा होता. त्याच्या हातात पितळेची मूठ असलेली काठी होती, योगराजने आणलेली. मधुकररावांनी बसल्या बसल्याच सुरुवात केली. थांबलो तर होणार नाही, हे त्यांना माहीत होतं. नाशिकला पिशवीतून निघालेल्या कुलपापासून सगळं सांगितलं. चौकशीच्या आधीचे तीन दिवस सांगितले. योगेंद्रभाईंनी सांगितलेली मुदत सांगितली. ते नऊ महिने सांगितले.

सखुबाई उंबऱ्यात बसून तांदूळ निवडत होती. तिचे हात थांबले.

"म्हणजे, भाऊ, तुम्ही अर्ज लिखाले उनात ना, तव्हा बी तुमले माहीत व्हतं?"

"हो."

"औषध आनं तुम्ही, तव्हा बी?"

"हो."

ती आणखी काही विचारेल, शिव्या देईल, असं मधुकररावांना वाटलं. त्यांना ते हवंही होतं. तिने ताट उचललं आणि ती आत निघून गेली. आतून दबलेल्या रडण्याचा आवाज आला.

निंबा काठीच्या मुठीवर अंगठा फिरवत होता.

"तुम्ही बाळाला घेऊन गेले ते बरोबर केलं," तो म्हणाला. "मी बी गेलो असतो. कुलूप राहिलं, तेबी समजलं. घाईत माणसाचं राहतं. परत आल्यावर गुपचूप लावलं, तेबी समजतं साहेब, नोकरीची भीती कोणाला नसते?" तो थांबला. "आठवत नाही म्हणाले, तिथं मात्र मी अडकतो. मी चार वर्षं लोकांना सांगत होतो की साहेबांना खरंच आठवत नसेल. योगराजशी भांडलो मी त्यावरून. तो म्हणायचा, तुमचा साहेब खोटं बोलतो. मी त्याच्या थोबाडीत मारली होती."

"निंबाभाऊ, मी..." एवढंच मधुकररावांच्या तोंडून निघालं.

"माफी मागू नका. मागितली तर मला द्यावी लागेल, आणि माझ्या मनात आज ती नाही. उद्या असेल. नसेलही." निंबाने मान वळवून आतल्या आवाजाचा कानोसा घेतला. "एक सांगू का, साहेब? तुम्ही येत जाऊ नका आता. मला तुमचा राग नाही येत, माझं काय आहे, मला काही दिसत नाही. पण तिला तुम्ही दिसता."

मधुकरराव उठले. त्यांनी आत न बघता "येतो" म्हटलं आणि मग ते म्हणायला नको होतं हे त्यांच्या लक्षात आलं. अमरोलीच्या नाक्यापर्यंत ते उन्हातून चालत गेले. बस यायला पाऊण तास लागला.

घरी विजयाबाई दार उघडंच ठेवून बसल्या होत्या.

"काय म्हणाला?"

"येऊ नका म्हणाला."

"मग?"

"नाही जाणार," मधुकरराव म्हणाले. विजयाबाईंनी पाण्याचा पेला त्यांच्या पुढे ठेवला. दोघंही त्या पेल्याकडे बघत बसले, आणि एकमेकांकडे बघायचं दोघांनीही टाळलं.